दंडावरची चकती

१

‘रुग्णाने औषध परस्पर बंद केले.’

दवाखान्यातून घरी सोडताना जो कागद माझ्या हातात ठेवला, त्यात खालून तिसऱ्या ओळीत हे वाक्य होतं. मी ते दोनदा वाचलं. चष्मा पुसून तिसऱ्यांदा वाचलं. चार दिवस सुया टोचून खाली आणलेलं माझं प्रेशर पुन्हा वर निघाल्याचं मला कानात ऐकू यायला लागलं.

परस्पर! आणि मी! पस्तीस वर्षं मी लोकांना गाडी चालवायला शिकवते आहे. आरशात न बघता वळणाऱ्यांना मी इतकी बोलणी ऐकवली आहेत, की अर्धं गाव मला बघून अजून पट्टा लावतं. आयुष्यात मी परस्पर काही केलं असेल तर ते लग्न, आणि तेसुद्धा दोन्ही घरी आठ दिवस आधी कळवून.

झालं होतं ते असं. गुरुवारी सकाळी मी शेजारच्या सीटवर होते आणि चाकावर माझी शिकाऊ, एक ग्रंथपाल बाई. बुधवारपासूनच माझं डोकं ठणकत होतं, तळहात घामाने ओले होते, छाती धडधडत होती. चौकात आले तेव्हा समोरचा एक सिग्नल मला दोन दिसला आणि मी कोसळले. ग्रंथपाल बाईंनी चौदा धड्यांत पहिल्यांदाच वेळेवर ब्रेक दाबला. कुणाला खरचटलंही नाही. दवाखान्यात माझं प्रेशर भरलं दोनशे चाळीसवर एकशे तीस.

“हे वाक्य कुणी लिहिलं?” मी विचारलं.

“मी,” डॉक्टरीणबाई म्हणाल्या. वयाने माझ्या शिकाऊंएवढ्या, पण नजर खाली न घालणाऱ्या. “तुमचं औषध क्लोनिडीन. ते चालू आहे तोवर ब्रेकवर पाय आहे असं समजा. ते अचानक बंद केलं, की प्रेशर नुसतं पहिल्या जागी येऊन थांबत नाही. दोन-तीन दिवसांत उसळी मारून त्याच्याही वर जातं. डोकेदुखी, घाम, थरथर, धडधड. त्यात तुमची ती नाडी हळू ठेवणारी दुसरी गोळी चालूच होती. अशा वेळी ती उसळी आणखी वाढवते. तुम्हाला सगळं अगदी पुस्तकात लिहिल्यासारखं झालं.”

“पण मी बंद केलंच नाही! गोळी दिवसातून तीनदा, धड्यांच्या मध्ये चुकेल म्हणून आमच्या डॉक्टरांनी पट्टी लिहून दिली. आठवड्यातून एकदा दंडावर लावायची. रविवारी लावली, सोमवार रात्रीपर्यंत त्यांनी सांगितल्याप्रमाणे गोळ्याही घेतल्या, मग गोळ्या थांबवल्या. पट्टी दंडावर होती.”

“तुम्ही आलात तेव्हा तुमच्या दंडावर औषध नव्हतं.”

“होतं!”

“आजी, मला कारण दाखवा, मी वाक्य बदलते. कारणाशिवाय नाही बदलणार.”

‘आजी’ म्हटल्याचा मला राग आला. बाकीचं बोलणं मात्र मला आवडलं, पण ते मी तोंडावर दिसू दिलं नाही.

२

मंगळवारी संध्याकाळी मुलगा घरी आला आणि टपालपेटीत सापडलं म्हणून एक पाकीट माझ्यापुढे ठेवलं. परवाना कचेरीचं पत्र होतं. दवाखान्याच्या शेऱ्यावरून माझा शिक्षकाचा परवाना स्थगित. आठ दिवसांत दवाखान्याने शेरा बदलला नाही तर रद्द.

“जाऊ दे ना आई,” मुलगा म्हणाला. “चौसष्ट वर्षं झाली तुला. विसरली असशील एखाद्या वेळी. माणूस विसरतो.”

“माणूस विसरतो. मी नाही विसरत.”

“हेच! तुझं हेच!”

माझे यजमान खिडकीशी बसून पेन्सिलीला टोक करत होते. जन्मभर नकाशे काढले त्यांनी. आता नकाशे संपले, तरी पेन्सिली अजून बोथट होऊ देत नाहीत. आमच्या भांडणात ते सहसा पडत नाहीत.

“पुरावा घरातच आहे,” मी म्हटलं. “चार पाकिटं आणली होती. एक लावलं. तीन खणात आहेत. ती दाखवते डॉक्टरीणबाईंना. औषधच मुळात खोटं असणार.”

खण उघडला. तीन चंदेरी पाकिटं होती, त्यांवर मुंगीएवढ्या परक्या अक्षरांत काहीबाही छापलेलं. मी एक फाडलं. आतून निघाली एक लहानशी, कातडीच्या रंगाची, चौकोनी पट्टी. तिच्यावर औषधाचं नाव आणि मात्रा स्वच्छ छापलेली. मुलाने फोनवर शोधून चित्र काढलं आणि माझ्यापुढे धरलं. रंग तोच, आकार तोच, नाव तेच.

“औषध अस्सल आहे,” तो हळू आवाजात म्हणाला. “म्हणजे लावायचीच राहून गेली, आई.”

माझ्याच हाताने माझी बाजू फाडून टेबलावर ठेवली होती. पहिल्यांदाच मनात आलं, खरंच विसरले की काय? ते मनात आल्याचा मला इतका संताप आला, की मी खण धाडकन बंद केला.

खिडकीशी पेन्सिल थांबली. यजमान उठले, टेबलाशी आले, चष्मा कपाळावर सरकवून त्या पट्टीवर वाकले.

“ही ती नव्हे,” ते म्हणाले.

३

“बाबा, आता तुम्ही सुरू नका करू,” मुलगा म्हणाला.

“रविवारी पट्टी मी लावली. तिचा हात मागे पोचत नाही,” यजमान म्हणाले. “मी लावलं ते वर्तुळ होतं. पांढरं शुभ्र. व्यास सात सेंटिमीटर, फार तर एखादा मिलिमीटर इकडे-तिकडे. हा चौकोन आहे.”

“तुम्हाला काल दुपारी काय जेवलात ते आठवत नाही.”

“जेवण मी मोजत नाही. वर्तुळ मोजतो.”

चाळीस वर्षांत या माणसाने माझा वाढदिवस अकरा वेळा चुकवला आहे, पण भिंतीवरची चौकट एक केस वाकडी असली तरी त्यांना झोप लागत नाही. त्यांनी वर्तुळ म्हटलं म्हणजे ते वर्तुळच होतं.

“अहो, वर काही छापलेलं होतं?”

“कोरं होतं. मला बरं वाटलं. स्वच्छ काम.”

“आणि पाकिटं? आणली कुठून, कशी?”

“आपल्या सुटेभाऊंकडून. कागदी पिशवीत घालून चार दिली. म्हणाले, महिन्याचं झालं, दर रविवारी एक.”

सुटेभाऊ म्हणजे कोपऱ्यावरचे औषधवाले. दोन गोळ्या मागा, पाच मागा, कात्रीने कापून देतात. लागेल तेवढंच न्या, उगाच घरात कशाला साठवता, असं म्हणत गेली कित्येक वर्षं ते सगळ्या गल्लीला सुटं औषध देत आले आहेत, म्हणून त्यांचं नाव हे पडलं. खरं नाव त्यांच्या पाटीवर असेल, पण ती पाटी वाचायची वेळ कुणावर आलेली नाही.

बुधवारी सकाळी मी यजमानांना घेऊन पुन्हा दवाखान्यात गेले. ज्या सिस्टरांनी मला त्या दिवशी आत घेतलं, त्यांना गाठलं. डबा खात होत्या, तरी उठल्या बिचाऱ्या.

“तुम्ही खोटं का सांगितलंत?” मी सरळ विचारलं. “दंडावर पट्टी होती माझ्या.”

“मी कशाला खोटं सांगू?” त्याही तडकल्या. “औषधाची पट्टी नव्हतीच. साधी पांढरी चिकटपट्टी होती गोल. जखम झाकायला लावतात तसली. मी काढली, तर खाली जखमही नव्हती. मला नवलच वाटलं. म्हटलं, म्हाताऱ्या माणसांची काहीतरी आवड असते, आणि टाकून दिली.”

“गोल?” यजमान म्हणाले. “केवढी?”

सिस्टरांनी अंगठा आणि तर्जनीत अंतर धरून दाखवलं. यजमानांनी खिशातून मोजपट्टी काढून ते मोजलं. सात सेंटिमीटर.

मी तिथल्या बाकावर बसून घेतलं. मी खरं बोलत होते आणि सिस्टरही खरं बोलत होत्या. दंडावर काहीतरी होतं आणि औषध नव्हतं, या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या होत्या.

“सिस्टर, अशी कोरी गोल चकती औषधाच्या पट्टीबरोबर येते का कधी?”

“येते काही डब्यांत. पट्टीच्या कडा सुटायला लागल्या, तर तिच्यावरून लावायला. नुसतं आवरण असतं ते. त्यात औषध नसतं.”

म्हणजे चार दिवस मी आवरण मिरवत होते, आणि आवरणाखाली माझंच कातडं होतं. पण मग आज खणात अस्सल औषध कुठून आलं?

४

घरी येऊन मी कागद घेतला. मी दवाखान्यात असताना घरात कोण कोण येऊन गेलं, ते यजमानांना आठवायला लावलं. आली होती तीन माणसं. मुलगा रोज. माझी नणंद शुक्रवारी, शनिवारी. आणि सुटेभाऊ शुक्रवारी, ‘वहिनी कशा आहेत’ म्हणून विचारायला.

“बसले होते?”

“बसले. पाणी मागितलं. मी आणून दिलं. पाणी तसंच ठेवून गेले.”

नणंदेला फोन लावला. गोळ्या या प्रकारावर तिचा भारी राग. डोकं दुखलं तरी उशाला गार पाणी ठेवून पडून राहील. “वन्सं, खणातल्या पाकिटांना हात लावलात का?”

“मी लावीन? तुझ्या त्या विषाला?” ती कडाडली. “हात लावला असता तर आगीत टाकली असती, खणात परत नसती ठेवली!”

हे तिचं बोलणं मला अगदी पटलं.

राहिला मुलगा. त्याला मी गाडी चालवलेली नकोच होती. आई विसरायला लागली हे सिद्ध झालं, तर त्याच्या मनासारखं होत होतं. दुपारी तो आला तेव्हा मी परवाना कचेरीचं पाकीट त्याच्यापुढे धरलं.

“हे टपालपेटीत सापडलं म्हणालास. याच्यावर तिकीट नाही. शिक्का नाही. टपालाने न आलेलं पत्र टपालपेटीत कसं आलं?”

त्याचा चेहरा पडला. लहानपणी फुलदाणी फोडून मांजराचं नाव सांगायचा तेव्हा पडायचा तसाच.

“मीच गेलो होतो,” तो म्हणाला. “काल. दवाखान्याचा कागद मीच दाखवला त्यांना, पत्रही तिथूनच हातात घेऊन आलो. तीन जिने चढून गेलो. लिफ्ट बंद, लिफ्टमन आजारी म्हणे. प्रत्येक जिन्यावर वाटत होतं परत फिरावं. पण आई, त्या दिवशी दवाखान्यात तुझं तोंड वाकडं झाल्यासारखं दिसलं मला. मी बाहेर जाऊन रडलो. तू गेली असतीस ना!”

मला त्याला एक ठेवून द्यावीशी वाटली आणि जवळ घ्यावंसंही वाटलं. मी दोन्ही केलं नाही.

“माझी काळजी वाटली तर मला सांगायचं. कचेरीला नाही. आणि पाकिटं?”

“कसली पाकिटं?”

तो खरंच गोंधळला होता. पण त्याच्या चेहऱ्यावर मी विसंबले नाही. मी हिशोबाने गेले, आणि तो मी दोघांनाही मोठ्याने ऐकवला.

“माझं वाईट करायचं असतं, तर कुणीतरी खणातलं खरं औषध नेऊन खोटं ठेवलं असतं. इथे उलटं झालंय. खोटं गेलं आणि खरं आलं. तेही मी पडल्यानंतर. म्हणजे हे मला मारायला केलेलं नाही, आधीची चूक झाकायला केलंय. बदलणाऱ्याला तीन गोष्टी लागतात. चूक झाली हे कळायला हवं. खणापर्यंत पोचायला हवं. आणि हातात खरी तीन पाकिटं हवीत, जी चिठ्ठीशिवाय कुणाला मिळत नाहीत. तू खणापर्यंत पोचतोस, पण औषध कुठून आणशील? वन्सं तर औषधाच्या दुकानाची पायरी चढत नाहीत.”

“म्हणजे...” मुलगा म्हणाला.

“शुक्रवारी पाणी मागितलं आणि प्यायलं नाही, त्याने. चल, गाडी काढ. मला चालवायला बंदी केलीस ना? आता तूच चालव.”

५

दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. सुटेभाऊ कात्री पुसत उभे होते. मला पाहून त्यांनी दोन्ही हात जोडले.

“वहिनी! बऱ्या झालात! फार जिवाला लागलं हो माझ्या.”

यजमान आणि मुलगा दाराशी थांबले. मी स्टुलावर बसले. आवाज करून उपयोग नव्हता. सरळ विचारलं असतं, तर त्यांनी काखा वर केल्या असत्या, आणि डबा तर त्यांच्याच फळीवर होता. म्हणून मी मऊ बोलले. माझ्या शिकाऊंनी ऐकलं असतं तर घाबरले असते.

“भाऊ, एक काम होतं. तुमची ती चौकोनी पट्टी लावली, पण घामाने तिच्या कडा सुटतात. वरून लावायची काही चकती मिळते म्हणे. ती द्या ना चार.”

“ती कशाला वेगळी घेताय?” भाऊ झटकन म्हणाले. “एक तर तुमच्या दंडावरच होती की त्या दिव...”

ते थांबले. कात्री हातातच राहिली.

“माझ्या दंडावर काय होतं, भाऊ?” मी विचारलं. “तुम्ही तर मला औषध दिलं होतं ना? दंडावरचं सिस्टरांनी काढून टाकलं. ते सिस्टर, हे आणि मी, या तिघांशिवाय कुणी बघितलेलं नाही. तुम्हाला कसं ठाऊक ती चकती होती?”

त्यांनी यजमानांकडे बघितलं, मग मुलाकडे. मग खाली बसले.

“डब्यात आठ पाकिटं होती,” ते म्हणाले. “नवीन माल. मी समजलो आठ आठवड्यांचं औषध. दोघांना होईल. वरची चार तुम्हाला दिली. गुरुवारी तुमचं कळलं तेव्हा डब्यातला कागद पहिल्यांदा उघडून वाचला. वरची चार नुसती आवरणं. खालची चार औषध. माझ्या पायाखालची जमीन सरकली, वहिनी.”

“आणि शुक्रवारी येऊन तुम्ही तीन बदललीत.”

“पुढच्या रविवारी पुन्हा तेच लागू नये म्हणून! देवाशपथ, तुमचं भलंच बघितलं!”

“माझं भलं बघायचं होतं तर डॉक्टरांना सांगायचं होतं. तुमच्या तोंडात कुलूप, आणि माझ्या कागदावर ‘परस्पर’! माझ्याच घरात मला विसराळू म्हणतायत. माझं काम गेलंय भाऊ, काम!”

“वहिनी, मी पाया पडतो. दुकान बंद होईल माझं. जन्माचं नाव जाईल.” ते कुजबुजत होते, दुकानात कुणी नव्हतं तरी. “तुमचं काय हो, आता तसंही वय... आरामच करायचा. एक गोळी चुकली म्हटलं तर कुणी नावं ठेवत नाही. तेवढं मोठं मन करा.”

मुलगा एक पाऊल पुढे आला. मी हाताने त्याला थांबवलं. माझे कान तापले होते, पण डोकं आता लख्ख चाललं होतं. भाऊ बोलताना एक शब्द बोलून गेले होते. दोघांना होईल.

“भाऊ, त्या डब्यातली खालची चार. तीन माझ्या खणात आली. एक तुमच्याकडे असेल. मग दुसऱ्या गिऱ्हाइकाला काय दिलंत?”

ते पुन्हा कात्री पुसायला लागले.

“भाऊ!”

“हाताशी आला तो दुसरा डबा फोडला,” ते पुटपुटले. “त्याच दिवशी. तो माणूस घाईत होता. त्यालाही वरचीच चार.”

६

माणूस कोण, ते भाऊंना नीट माहीत नव्हतं. जुन्या गोळ्या संपल्या की पट्टी सुरू करतो म्हणाला होता. चिठ्ठीवरच्या पत्त्यावर भाऊ दोनदा जाऊन आले, तर तिथून तो घर सोडून गेला होता. शेजारी विचारायची त्यांना लाज वाटली, कारण विचारायचं तर कारण सांगावं लागलं असतं.

“काम काय करतो?”

“सरकारी इमारतीत लिफ्ट चालवतो म्हणाला.”

मी मुलाकडे बघितलं आणि त्याने माझ्याकडे. तीन जिने. लिफ्टमन आजारी म्हणे.

पस्तीस वर्षं मी शिकाऊंना घेऊन त्या लिफ्टने परवाना कचेरीत जाते आहे. परीक्षेला घाबरलेल्या प्रत्येकाला तो लिफ्टमन वर पोचेपर्यंत एक विनोद सांगायचा. एकच विनोद, पस्तीस वर्षं. मी कचेरीत फोन लावून त्याचा नवा पत्ता मिळवला. भाऊंना म्हटलं, “गाडीत बसा.”

“मी? मी कशाला?”

“बसा म्हटलं ना!”

मुलाने गाडी काढली. आरसा बघ, खूण दे, एवढ्या दोनच गोष्टी मी वाटेत बोलले. यजमान मागे भाऊंच्या शेजारी, त्यांचा दंड घट्ट धरून बसले होते.

दार लिफ्टमनच्या बायकोने उघडलं. तो खाटेवर बसला होता, डोकं दोन्ही हातांत धरून. बनियन घामाने चिकटलेलं, हात थरथरत होते. उघड्या दंडावर पांढरीशुभ्र गोल चकती.

“दोन दिवस असेच बसलेत,” बायको म्हणाली. “औषध नीट घेत नाहीत हो! यांना कशाची शुद्ध असते? कितीदा सांगितलं, विसरत जाऊ नका.”

“नाही विसरलो,” तो कसाबसा म्हणाला.

“हे बघा! आणि वर हे!”

दहा मिनिटांत त्याला दवाखान्यात नेलं. तीच खोली, त्याच सिस्टर, त्याच डॉक्टरीणबाई. प्रेशर दोनशे तीसवर. बायको तेच सांगत होती, औषध घ्यायला विसरले असतील. तो मान हलवत होता, पण त्याला धड बोलवत नव्हतं. डॉक्टरीणबाई त्याची नाडी बघत पटापट विचारत होत्या, “कुठलं औषध चालू आहे? कधीपासून चुकलं? मला नक्की सांगा. नाडी फार पळतेय, पण कारण न कळता ती हळू करायचं इंजेक्शन दिलं आणि भलतंच झालं, तर प्रेशर आणखी चढेल!”

मी भाऊंकडे वळले. ते भिंतीला चिकटून उभे होते.

“बोला,” मी म्हटलं.

“वहिनी, तुम्हीच सांगा ना. तुम्हाला सगळं माहीत आहे.”

“मी नाही सांगणार. मी सांगितलं तर ती म्हातारीची तक्रार होईल. औषध तुमच्या हातून गेलंय, ते तुमच्या तोंडून येऊ दे. तुमचं नाव मोठं की त्याचा जीव?”

क्षणभर मला वाटलं, हा माणूस पळणार. मग तो भिंतीपासून सुटला आणि खाटेशी आला.

“डॉक्टर, यांनी काही चुकवलेलं नाही,” भाऊ म्हणाले, आणि त्यांचा आवाज सबंध खोलीत ऐकू गेला. “क्लोनिडीनची पट्टी म्हणून मी यांना नुसतं आवरण दिलं. डबा फोडून सुटं विकलं. त्यात औषध नव्हतं. दंडावर आहे ते कोरं आहे. या बाईंनाही तेच दिलं होतं. चूक माझी.”

डॉक्टरीणबाईंनी एकदाच त्यांच्याकडे बघितलं. मग वळून सिस्टरांना औषधाची नावं सांगायला सुरुवात केली. पाऊण तासाने त्याच्या हातांची थरथर थांबली. प्रेशर उतरायला लागलं. बंद झालेलं औषध त्याला पुन्हा सुरू केलं होतं, आता डोळ्यांदेखत.

डॉक्टरीणबाई बाहेर आल्या आणि त्यांनी माझ्यापुढे हात केला. “तुमचा कागद द्या. ती ओळ खोडते.”

“खोडायची नाही,” मी म्हटलं. “खोडलेलं वाचता येतं. नवा कागद. आणि नुसती ओळ गाळायची नाही. काय झालं ते लिहायचं. रुग्णाने औषध सांगितल्याप्रमाणे घेतले. औषध म्हणून जे दिले गेले त्यात औषध नव्हते.”

त्या हसल्या आणि टेबलाशी बसून लिहायला लागल्या. शब्दन् शब्द तसाच लिहिला. शिक्का मी स्वतः बघून मारून घेतला.

भाऊ अजून तिथेच होते. त्यांनी विचारलं, आता मी काय करू? मी म्हटलं, आधी दुकानावर पाटी लावा, मोठ्या अक्षरांत, की ज्यांनी ज्यांनी सुट्या पट्ट्या नेल्या त्यांनी आजच्या आज परत आणाव्यात. माफीचं नंतर बघू. मला अजून राग आहे आणि तो मला घाईने घालवायचा नाही.

निघताना मी खोलीत डोकावले. लिफ्टमन उशीला टेकून बसला होता. बायको त्याच्या कपाळावरचा घाम पुसत होती, पण तोंड चालूच होतं. “ते काही का असेना, पण तुम्ही विसरताच की! परवा छत्री विसरलात, त्याच्या आधी किल्ली...”

“वहिनी,” मी दारातूनच म्हटलं, “ते औषध विसरले नव्हते.”

त्याने माझ्याकडे बघितलं, मग माझ्या हातातल्या कागदाकडे. हळूच एक हात पांघरुणाबाहेर काढला आणि डॉक्टरीणबाईंना खूण केली.

“डॉक्टर,” तो म्हणाला, “मलाही लिहून द्या. आणि हिच्यासमोर मोठ्याने वाचून दाखवा.”